दिवसा लावलेलं दार

चाळीत कुणाकडे इंग्रजी पत्र आलं, बँकेचा मेसेज आला, नातवाला शाळेच्या इंटरव्ह्यूला न्यायचं असलं की मला हाक मारतात. मी इंग्लिश मीडियमची. मला माणसांशी बोलायला जड जातं हे कुणालाच खरं वाटत नाही. ज्याला इंग्रजी येतं त्याने लाजायचं कारण काय, असं त्यांचं सरळ म्हणणं असतं. म्हणून गणपती होऊन गेल्यावर एका दुपारी एक म्हातारा गोरा माणूस आमच्या लालबागच्या चाळीत जिन्याशी येऊन उभा राहिला, तेव्हा सेक्रेटरी काकांनी खालूनच आवाज दिला.

"ए इंग्लिश मीडियम! खाली ये. तुझा पाव्हणा आलाय."

त्या दिवशी मी घरून काम करत होते. हेडफोन तसाच गळ्यात अडकवून खाली गेले.

ते उंच होते आणि उंच माणसं म्हातारपणी वाकतात तसे मानेतून वाकले होते. खांद्याला कापडी पिशवी. पिशवीतून त्यांनी एक फोटो काढला आणि दोन्ही हातांनी माझ्यासमोर धरला. काळापांढरा. खोलीच्या आतून घेतलेला. बंद दार, आणि दारापुढे पाठमोरी उभी मुलगी. तिचा हात वर गेलेला, कडीपाशी. हे दार मी शोधतोय, ते म्हणाले. इंग्रजी सावकाश, एकेक शब्द ठेवल्यासारखं. ते जर्मनीतून आले होते. गिरण्या बंद पडल्या तेव्हा त्यांनी याच चाळीत एक फिल्म काढली होती. आता त्यांच्या गावात त्यांच्या जुन्या फिल्म पुन्हा दाखवणार होते आणि सोबत एक नवा, लहानसा तुकडा जोडायचा होता. मजला कुठला ते मात्र आठवत नव्हतं.

आमच्या चाळीतली सगळी दारं सारखी आहेत. पण दाराशेजारी भिंतीत कोनाडा होता. फोटोत त्यात रॉकेलची बाटली होती. आता त्यात माझा चार्जर असतो.

मी काही म्हणायच्या आत सेक्रेटरी काकांनी माझ्या खांद्यावरून वाकून फोटो पाहिला. ते पप्पांच्या वयाचे, लहानपणापासून आमच्याच मजल्यावरचे. एवढा वेळ मजेत होते, ते हसणं गेलं.

"वर नको नेऊ याला," ते मला हळूच म्हणाले. "कुठे उतरलाय विचार आणि लावून दे. तुझे पप्पा आले की बघू."

"काय म्हणाले ते?" पाहुण्यांनी हसून विचारलं.

"तुम्ही कुठे उतरलात, विचारतायत," मी म्हटलं.

परळच्या एका हॉस्पिटलच्या स्टोअरमध्ये पप्पा काम करतात. संध्याकाळी ते आले, शर्टाची बटणं काढत असताना मी त्यांना सांगितलं आणि त्यांचे हात थांबले. आमची एकच खोली. आई, पप्पा, आत्या आणि मी. इथे कुणाला बाजूला घेऊन काही सांगता येत नाही, कारण बाजू नाही. पप्पांनी आवाज खाली आणला, पण आत्या तीन हातांवर बसली होती.

"त्याला सांग, ती खोली पाडली," पप्पा म्हणाले.

आत्या साडीला फॉल लावत होती. दादरच्या दुकानांतून तिच्याकडे साड्या येतात, फॉल-बिडिंगच्या. मी जन्मायच्या आधीपासून येतात. तिने मान वर केली नाही.

"खोटं कशाला सांगतोस? खोली हितंच आहे. मी पण हितंच आहे."

"ताई, परत ते नको."

"मी काय म्हटलं का तुला, पायजे म्हणून?"

पप्पा माझ्याकडे वळले, जणू मीच त्या माणसाला आणलं होतं. "त्या माणसामुळे तुझ्या आत्याचं ठरलेलं लग्न मोडलं. एवढं तुला माहीत असलं म्हणजे झालं. जास्त इंग्लिश फाडू नकोस त्याच्यासमोर."

मला एवढंही माहीत नव्हतं. आमच्याकडे आत्याच्या लग्नाबद्दल 'जमलं नाही' असं म्हणतात आणि विषय संपतो. मी पण कधी विचारलं नाही. एका खोलीत चौघांनी राहायचं तर काही गोष्टी न विचारूनच राहावं लागतं.

आईने ताटं मांडली. मोरीशी भांडी विसळताना आत्या माझ्या कानाशी म्हणाली, "त्याला एक विचारून ये. त्या पिक्चरचं पुढे काय झालं?"

शनिवारी मी गिरगावला गेले. तिथल्या एका जुन्या गेस्ट हाऊसमध्ये ते उतरले होते. जेवणाच्या खोलीत रबरी कापड अंथरलेलं टेबल होतं. ते चहा गार होईपर्यंत थांबले आणि मग एका घोटात प्यायले. मी ठरवून गेले होते की एकच प्रश्न विचारायचा आणि निघायचं. पण त्यांना बोलायचं होतं आणि मला ऐकायची सवय आहे.

कोळशाच्या खाणींच्या गावात ते वाढले. मामाचा फोटो स्टुडिओ होता, लग्नाचे फोटो काढायचा. तिथे दिवे धरता धरता कॅमेरा हातात आला. मग सिनेमात, आधी कॅमेऱ्याचं स्टँड उचलणारे, मग फोकस धरणारे, मग कॅमेरामन. दुसऱ्यांच्या पुष्कळ फिल्म त्यांनी काढल्या. त्यांचं नाव शेवटी बारीक अक्षरांत यायचं. लोक तोवर कोट चढवत असायचे, ते म्हणाले. स्वतःच्या फिल्म तीनच. पहिली, जहाजं बांधणाऱ्या, बंद होत असलेल्या एका कारखान्याची. दुसरी आमच्या चाळीची. तिसरी त्यांच्या आईची, तिच्या स्वयंपाकघरातली, ती आजारी असताना काढलेली. तिसरी काही मोजक्या लोकांनी पाहिली. पहिलीची आता प्रतच सापडत नाही.

"आणि दुसरी?" मी विचारलं. आत्याचा प्रश्न.

दुसरी काही शहरांत काही दिवस चालली आणि उतरली. पण तिच्यातला एक शॉट राहिला. तोच, ज्याचा फोटो त्यांनी मला दाखवला होता. तो कुणा लेखकाने पुस्तकात छापला, कुणी पोस्टरवर घेतला, सिनेमा शिकवणारे वर्गात दाखवायला लागले. पुढे ते पैशांसाठी टीव्हीत गेले. हॉस्पिटलची मालिका, स्वयंपाकाचे कार्यक्रम, आणि कित्येक वर्षं एक मासेमारीचा कार्यक्रम. तळ्याकाठी गळ टाकून बसलेली माणसं. त्यात त्यांना बरं वाटायचं, कारण तिथे कुणी घाई करत नसे. पण कुणी भेटायला आलं की त्या एका शॉटबद्दलच विचारायचं. त्यांनी आयुष्यात दुसरं काही केलंच नाही असं.

"मी त्या खोलीतून बाहेरच पडलो नाही," ते म्हणाले आणि हसले.

मी हसले नाही. मला आत्या आठवली.

त्यांची काम करायची एक रीत होती. कॅमेरा एकदा सुरू केला की ते मध्ये थांबवायचे नाहीत. रोल संपेपर्यंत हात मागे घेऊन उभे राहायचे. दहा-अकरा मिनिटांचा रोल. समोरचा माणूस सुरुवातीला अवघडतो, मग कंटाळतो, मग कॅमेरा विसरतो, आणि खरं जे काय असतं ते शेवटच्या मिनिटात येतं, असं त्यांचं मत. रोल महाग, त्यामुळे दिग्दर्शक चिडायचे. म्हणून पुढे कामं कमी झाली. आता रोल नाही, कार्ड असतं. "कार्ड संपत नाही," ते म्हणाले. "कधी थांबायचं ते मला आता कळत नाही."

निघताना त्यांनी विचारलं, "ती मुलगी अजून आहे?"

मी म्हटलं, ती माझी आत्या. बरी आहे.

त्यांनी चष्मा काढला आणि रुमालाने पुष्कळ वेळ पुसला. "मुलंबाळं?"

"नाही," मी म्हटलं. त्यापुढे मला काही सांगायचं नव्हतं.

घरी येऊन आत्याला सगळं सांगितलं. तो शॉट पुस्तकात छापलाय, पोस्टरवर आहे. तिने सुईत दोरा ओवला. "मी बघितलाच नाय तो पिक्चर. त्याला म्हणावं, घेऊन ये."

रविवारी ते लॅपटॉप घेऊन आले. पप्पा सकाळीच भायखळ्याला बाजारात जातो म्हणून गेले आणि आले नाहीत. आईने चहा ठेवला. दार उघडं होतं, आमचं दिवसभर उघडंच असतं. लहानपणापासून मी पाहिलेलं आहे, गावाकडून आलेली आमची माणसं दिवसा दार लावत नाहीत. रात्रपाळी करून कुणी झोपलेलं असलं तरी दार लोटून घेतात, कडी नाही. दिवसा कडी लागली म्हणजे आत भांडण आहे, नाहीतर काही वाईट बातमी आहे, नाहीतर जे बोलायचं नाही ते.

लॅपटॉप आम्ही शिलाई मशीनवर ठेवला. आत्या समोर बसली, पाहुणे तिच्या शेजारी स्टुलावर, गुडघे छातीपर्यंत आलेले. तिला बघून त्यांनी वाकून नमस्कार केला होता. तिनेही केला.

फिल्म सुरू झाली. गॅलरी, कपडे, जिन्यावरची मुलं. आत्या हळू आवाजात ओळखत होती. हा अमक्याचा, हा गेला, ही डोंबिवलीला राहते. मग आमची खोली आली. एक मुलगी खाली बसून साडीला फॉल लावते आहे. मला ती आधी आत्या वाटलीच नाही. जाड वेणी, गाल भरलेले. ती एकदा कॅमेऱ्याकडे बघते आणि हसू दाबते. मग काम. टाका, टाका, टाका. मग अचानक मान वर. दाराकडे बघते. पुन्हा खाली. पुन्हा वर. आणि कुठूनतरी गिरणीचा भोंगा वाजायला लागतो, लांब. मुलगी उठते, साडी मांडीवरून घसरते, दाराशी जाते, कडीला हात घालते. आणि पडदा काळा.

पाहुणे श्वास रोखून बसले होते.

"भोंगा कुठला हा?" आत्या म्हणाली.

मी विचारलं. ते म्हणाले, तो आवाज नंतर घातला. मूळ आवाजात खूप गोंगाट होता.

"गिरणी बंद होती तेव्हा," आत्या म्हणाली. "भोंगा कोण वाजवणार? त्याचा बाप?"

आई फिस्सकन हसली आणि पदराने तोंड झाकलं. मी इंग्रजीत फक्त एवढंच सांगितलं की गिरणी बंद होती. ते म्हणाले, हो, माहीत होतं. तरी तो भोंगा लोकांना आवडला. तो ऐकून कामगाराची बायको उठते आणि दार बंद असतं, असं त्याबद्दल लिहिलं गेलं.

"कुणाची बायको?" आत्याने मला विचारलं.

"कामगाराची."

ती माझ्याकडे बघत राहिली, मी चुकीचं सांगितलं की काय असं. मग तिने लॅपटॉपकडे बोट केलं. "पुन्हा लाव. भोंग्याच्या आधी."

मी पुन्हा लावलं. ती मुलगी मान वर करते तिथे आत्याने हात केला, मी थांबवलं.

"हितं शेजारच्या काकीने दार वाजवलं," आत्या म्हणाली. "सांग त्याला."

मग ती सांगत गेली आणि मी तिच्यामागून इंग्रजीत. ती पाच वाक्यं बोलायची, माझं एक व्हायचं. इंग्रजीत सगळं लहान आणि स्वच्छ निघत होतं, कात्रीने कापल्यासारखं, आणि मला ते बरं वाटत होतं आणि बरोबर वाटत नव्हतं. म्हणून मग मी काही न गाळता, तिच्यासारखंच, तुटक तुटक सांगायला लागले.

त्या दुपारी गॅलरीत पोरांचा गोंधळ फार होता. याने दार लावायला सांगितलं. याच्यासोबत मुंबईचा एक माणूस होता, तो पोरांना गप्प करायला बाहेर गेला आणि दार लागलं. आत हा आणि मी. मला वाटलं, फोटोसारखं असेल, झटकन होईल. पण हा काय थांबेचना. हा हात मागे घेऊन उभा. बाहेर काकी आली. दार कित्याक लावलंस गो? आत कोण आसा? मग दुसरी आली. मग तिसरी. मी याच्याकडे बघितलं तर हा हाताने खूण करतो, बस, बस, चालू दे. मला वाटलं, उठले तर याचं नुकसान होईल. पाव्हणा आहे. म्हणून बसले. तेवढीच चूक. लगेच उठून उघडलं असतं तर काही नव्हतं. मी किती वेळ बसून राहिले, ते त्या सगळ्या दाराबाहेर मोजत होत्या.

"मग उघडलं तेव्हा?" हे मी माझ्यासाठी विचारलं.

"तेव्हा काय. पाव्हण्याला कोण बोलणार? काकीनेच चहा केला याला."

हे मी सांगितलं तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी झालं. चहा त्यांना आठवत होता. इतकी वर्षं ते सगळ्यांना सांगत आले होते की त्या चाळीतल्या बायकांनी दार उघडल्याबरोबर चहा दिला, इतकी चांगली माणसं. ते दाराकडे बघायला लागले.

तेव्हा ते जर्मनीला परत गेल्यावर चाळीत बोलणं सुरू झालं, आत्या सांगत गेली. भायखळ्याला तिचं ठरलं होतं, सुपारी फुटली होती. महिन्याभरात तिकडून निरोप आला. कारण कुणी सांगितलं नाही. आजोबांची गिरणी बंद, घरात पैसा नाही, वर हे. पुढे जी स्थळं आली त्यांना आधीच कुणीतरी सांगितलेलं असायचं. आणि ज्यांनी सांगितलं त्या रोज हिच्याकडे साड्या टाकायला यायच्या. तोंडावर कोणी काही बोललं नाही. "तेच," आत्या म्हणाली. "एकीने तरी तोंडावर विचारायचं होतं. मी सांगितलं असतं."

मग पाहुणे म्हणाले, शॉट ते फिल्ममधून काढून टाकतील. त्यांच्या गावात फिल्म दाखवणाऱ्यांना तसं सांगतील.

"आता काढून काय करतो? सगळ्यांनी बघून झालं," आत्या म्हणाली. तिने चष्मा पुसला, साडीची घडी घातली. "नवीन काढायचं होतं ना त्याला? काढ म्हणावं. हितंच. कडी लावून."

मी लगेच भाषांतर केलं नाही. "आत्या, कशाला?"

"येतील ना त्या. काकी आहे अजून, दोघीतिघी आहेत. येऊ दे. वाजवू दे दार. या टायमाला मी नाय घाबरणार. आत बसून सगळं ऐकणार, मग उघडणार, आणि एकेकीला समोर उभी करून विचारणार." ती हे शांतपणे बोलली. पुष्कळ वर्षं तयार करून ठेवलेलं वाटलं मला ते.

पप्पा संध्याकाळी आले तेव्हा भांडण झालं. "परत तोंडं उघडतील लोकांची, ताई. हिचं लग्न व्हायचंय," असं म्हणून माझ्याकडे बोट. त्या बोटाने मला त्या दारात ओढून उभं केलं असं वाटलं. आत्या एवढंच म्हणाली, "म्हणूनच."

गुरुवारी दुपारी ते आले. मी ऑफिसला सुट्टी टाकली होती. आई मुद्दाम बहिणीकडे वडाळ्याला गेली. आत्या चांगली साडी नेसली नाही, घरातलीच, पण केस तिने नीट बांधले. त्यांनी लहानसा कॅमेरा स्टँडवर लावला. स्क्रू बसायला वेळ लागला. आवाजासाठी पंखा बंद करायला सांगितला. मी मोरीच्या कट्ट्यावर बसले, कॅमेऱ्याबाहेर.

"लाव गो कडी," आत्या म्हणाली.

मी लावली. दिवसा त्या कडीचा आवाज मी कधी ऐकला नव्हता. ती गंजलेली होती, कुरकुरत बसली. खोली एकदम लहान झाली. खिडकीतून उंच टॉवरचं काम दिसतं, तिथला ड्रिलचा आवाज येत होता, पण तोसुद्धा कुठूनतरी लांबून.

आत्याने सुई हातात घेतली. पाहुणे हात मागे बांधून उभे राहिले.

मला वाटलं होतं लगेच कुणीतरी येईल. खालच्या मजल्यावर मिक्सर चालला, थांबला. शेजारी काकीच्या टीव्हीवर मालिकेतल्या बायका रडत होत्या. मग जिन्यावर पावलं. आत्याचा हात मंदावला. पावलं गॅलरीत आली, आमच्या दाराशी आली, थांबली. आत्याने सुई साडीत टोचून ठेवली आणि ताठ बसली. "हां, थर्ड फ्लोअर बोला था ना," बाहेर कुणीतरी फोनवर म्हणालं. "लिफ्ट नहीं है इधर. हां, आता हूँ." पावलं पुढे गेली.

आत्याने सुई उचलली.

उकडत होतं. पाहुण्यांच्या कपाळावरून घाम डोळ्यांत जात होता, ते पुसत नव्हते. मधेच दोन मुली हसत गेल्या, पलीकडच्या खोलीत भाड्याने राहतात त्या. त्यांचं दार आम्हाला कधी उघडं दिसत नाही. एका घरात सेफ्टी डोअर बसवलंय, दुसरीकडे सुनेला दार लावूनच ऑफिसचे कॉल घ्यावे लागतात, मी स्वतः दिवसभर हेडफोन घालून बसते. हे सगळं मी रोज बघते. आत्याही बघत होती. पण तिने ते हिशेबात धरलं नव्हतं, आणि मीही नाही.

फॉलची एक बाजू संपली. तिने गाठ मारली, दोरा दाताने तोडला, साडी फिरवली, दुसरी बाजू धरली. मी पाहुण्यांकडे बघितलं. आता थांबवा, असं मला म्हणायचं होतं. पण कार्ड संपायचं नव्हतं आणि कुणी यायचं नव्हतं, आणि थांबायचं कधी ते त्यांना कळत नव्हतं. ते तसेच उभे होते. आत्या मधूनच मान वर करत होती. फिल्ममधल्या मुलीसारखीच, पण आता तिकडून काहीच येत नव्हतं.

दुसरी बाजूही संपली. ती साडी मांडीवर घेऊन बसून राहिली. ड्रिल बंद पडलं, बहुतेक जेवणाची सुट्टी. शेवटी ती उठली, दाराशी गेली आणि जोरात कडी काढली.

बाहेर गॅलरीत ऊन होतं. माणूस नव्हतं. सेक्रेटरी काका खाली कुणाशी तरी पाण्याच्या टाकीबद्दल बोलत होते. शेजारी काकी तिच्या दारात, खुर्चीवर, टीव्हीकडे तोंड करून. तिला आता नीट ऐकू येत नाही. आत्या तिच्यासमोर जाऊन उभी राहिली.

"काकी, दार लावून बसले होते मी."

"काय?"

"दार!" आत्या ओरडली. "कडी लावून! दिवसाढवळ्या! आत तो गोरा हाय!"

काकीने आमच्या दाराकडे मान वळवली, मग आत्याकडे. तिचा चेहरा उजळला.

"एसी घेतलंस गो? बरा केलंस. मगे दार लावूकच व्हया, नायतर थंडावो भायर जाता."

आत्या तिथेच उभी. जे तयार ठेवलं होतं ते यातल्या कुठल्याच वाक्याला लागत नव्हतं. काकीने तिचा हात धरून थोपटला आणि पुन्हा टीव्हीकडे बघायला लागली.

"काय म्हणाली ती?" पाहुण्यांनी माझ्याकडे वाकून विचारलं. कॅमेरा चालूच होता.

"आम्ही एसी घेतला का, विचारतेय."

आत्या आत आली. ती पाणी प्यायली, तिने पेला पालथा ठेवला, आणि दुकानातून आलेल्या गठ्ठ्यातली दुसरी साडी ओढली. सुईत दोरा जाईना, दोनदा चुकला. मी घ्यायला हात पुढे केला, तिने दिली नाही.

"त्याला विचार, कॅमेरा किती वेळ चालतो?"

मी विचारलं. "तिला हवं तितका वेळ," ते म्हणाले.

मी तिला सांगितलं. तिने उघड्या दारातून गॅलरीकडे एकदा बघितलं.

"मग लाव कडी," ती म्हणाली.